स्टेटमेंटवरचे हे ₹२,३४० गेले कुणाला?

अबोली (१२ जून, सकाळी १०:१४)

मंडळी, काल रात्री क्रेडिट कार्डाचं स्टेटमेंट उघडलं आणि झोप उडाली. एरवी मी फक्त शेवटचा आकडा बघते आणि भरून मोकळी होते. या वेळी तो जरा फुगलेला वाटला म्हणून एकेक ओळ वाचली. मग भीतीने बचत खात्याचंही काढलं. तीन नोंदी काही केल्या आठवत नाहीत.

पहिली, कार्डावर ९ मे, ₹२,३४०. नावाच्या जागी आधी कुठल्याशा पेमेंट कंपनीची तीन अक्षरं, मग चांदणी (*), मग 'एसएचआर एजीआर' एवढंच आणि पुढे नोएडा. मी जन्मात नोएडाला गेलेली नाही.

दुसरी, कार्डावरच, ₹२३४.८२. नाव नाही, नुसता कोड.

तिसरी बचत खात्यात, २७ मे, ₹४३६. नॅरेशनमध्ये, म्हणजे नोंदीच्या वर्णनात, अक्षरांची खिचडी.

आधी बँकेला फोन करावा की आधी आपण शोधावं? नवरा म्हणतो, "तूच काहीतरी घेतलं असशील." हे वाक्य ऐकून मी इथे आले आहे.

चहाबाज (१०:२१)

नवऱ्याचं वाक्य बाजूला ठेवा. पण खरंच, तुम्हीच काहीतरी घेतलं असेल. (पळतो.)

हिशेबनीस (१०:४०)

दुसरी आणि तिसरी नोंद लगेच सुटते.

₹२३४.८२ ला १.१८ ने भागा. बरोबर १९९ येतात. बँकेच्या कुठल्याही शुल्कावर १८ टक्के जीएसटी लागतो, त्यामुळे पैशांत संपणारा विचित्र आकडा दिसला की मी पहिल्यांदा हा भागाकार करतो. उत्तर गोल आलं की समजायचं, घेणारा दुकानदार नाही, आपलीच बँक आहे. मे महिन्यात काही हप्त्यांवर घेतलंत का? १९९ ही हप्ता-प्रक्रियेची फी वाटते.

₹४३६ म्हणजे प्रधानमंत्री जीवनज्योती विमा. दोन लाखांचं आयुर्विमा कवच, वर्ष १ जून ते ३१ मे, म्हणून दरवर्षी मेच्या शेवटच्या आठवड्यात पैसे कापले जातात. आधी ₹३३० होते, १ जून २०२२ पासून ₹४३६ झाले. जवळपास ₹२० चीही एखादी नोंद असेल तर तो सुरक्षा विमा, अपघाताचा.

पहिली मात्र मला कळली नाही.

अबोली (१०:५८)

हिशेबनीस, साष्टांग! मेमध्ये लेकीसाठी लॅपटॉप घेतला, 'नो कॉस्ट' हप्त्यांवर. मग हा कॉस्ट कसला? आणि ₹२० ची नोंदही सापडली. पण मी विमा कधी काढला?

निवृत्त_रोखपाल (११:३०)

ताई, खातं उघडताना किंवा नंतर कधीतरी शाखेत फॉर्मच्या गठ्ठ्यात एक सही दिली असेल. वर्षानुवर्षं कापले जात असतील, बघितलं आज. माझ्या काउंटरवर दर जूनला अशी पाच-दहा माणसं पासबुक आपटायची. नको असेल तर शाखेत अर्ज द्या, पुढच्या वर्षीपासून थांबेल. पण थांबवण्याआधी नॉमिनी कोण लागलंय ते विचारा. दोन लाखांसाठी वर्षाला ₹४३६ म्हणजे महाग नाही. आणि घरच्यांना ही पॉलिसी आहे हे माहीत हवं. खातेदार गेल्यावर कुणी दावाच करत नाही, कारण कुणाला ठाऊकच नसतं. हे मी बघितलंय.

'नो कॉस्ट'चं असं, की रिझर्व्ह बँकेने २०१३ मध्येच शून्य टक्के व्याजाच्या योजनांना हरकत घेतली. तेव्हापासून विक्रेता व्याजाएवढी सूट आधीच देतो आणि बँक तेवढंच व्याज हप्त्यांतून लावते. बेरीज जुळते. पण त्या व्याजावरचा जीएसटी आणि प्रक्रिया फी आपल्या माथी. पुढच्या दर महिन्याच्या स्टेटमेंटवर अशा दोन-तीन चिमुकल्या ओळी येतील, तेव्हा परत घाबरू नका.

आता मुद्द्याचं. त्या ₹२,३४० चा एसएमएस आला होता का आणि कधी?

साडेतीन (११:४४)

एजीआर म्हणजे आग्रा. पेठा घेतला असेल.

चहाबाज (११:४५)

₹२,३४० चा पेठा? घरात लग्न आहे का?

कांदेपोहे (११:५१)

एसएचआर एजीआर = श्री अगरबत्ती. देव पावला.

गोंयकार (१२:०५)

या विषयावर माझं घर मोडता मोडता राहिलंय. ऑफिसच्या कामाला मडगावला गेलो होतो, दुपारी एका साध्या खानावळीत माशाची थाळी खाल्ली. कार्ड दिलं. महिन्याने बायकोच्या हाती स्टेटमेंट. त्यावर अमुक अमुक 'वाईन्स', वेळ दुपारी दीड. मी शपथेवर सांगतोय की बांगडा खाल्ला, ती म्हणतेय बांगडा वाईन्समध्ये मिळतो का? शेवटी खानावळीच्या मालकाला फोन लावून स्पीकरवर टाकला. तो म्हणाला, "बाब, बाजूचं दुकान भावाचं, मशीन एकच, त्याच्याच नावावर घेतलंय." बायकोने विश्वास ठेवला. निदान तसं सांगितलं तरी.

सांगायचं काय, की पाटीवरचं नाव आणि मशीनवरचं नाव यांचं सोयरं असेलच असं नाही.

पेमेंटवाला (१२:३३)

याच क्षेत्रात आहे म्हणून जरा सविस्तर.

स्टेटमेंटवर येतं ते दुकानदाराने मशीन किंवा गेटवे (ऑनलाइन पैसे घेण्याची सोय) घेताना नोंदवलेलं नाव. बऱ्याचदा ते पाटीवरचं नसून कंपनीचं, मालकाचं किंवा मधल्या पेमेंट कंपनीचं असतं. त्यातही जागा मोजकी, साधारण बावीस ते पंचवीस अक्षरं. त्यातली काही अक्षरं मधल्या कंपनीने आधीच खाल्ली, मग चांदणी, मग दुकानाच्या वाट्याला जे उरेल ते. म्हणून एसएचआर एजीआर. पुढचं गाव दुकानाचं असायला हवं, पण छोट्या विक्रेत्यांच्या बाबतीत बरेचदा मधल्या कंपनीच्या कार्यालयाचंच छापून येतं. नोएडा, गुरुग्राम, बंगळुरू ही गावं दिसली म्हणजे माल तिथून आला असं नाही.

शोधायला तीन गोष्टी कामाला येतात. एक, खरेदीची तारीख आणि नोंद झाल्याची तारीख वेगळी असते, दोन-तीन दिवस मागे-पुढे बघा. दोन, प्रत्येक व्यापाऱ्याला चार आकडी वर्ग-कोड असतो. ५४११ म्हणजे किराणा, ५८१२ उपाहारगृह. स्टेटमेंटवर तो दिसत नाही, पण फोनवर विचारलं तर 'हे दुकान कुठल्या प्रकारचं आहे' एवढं बँक सांगते. तीन, आणि हे सगळ्यात महत्त्वाचं, व्यवहार झाला कसा ते विचारा. ऑनलाइन नंबर टाकून, मशीनमध्ये घालून पिन देऊन, की नुसतं टॅप करून. ₹५,००० पर्यंत टॅपला पिन लागत नाही.

वऱ्हाडी_ठेचा (१२:५०)

काय शोधत बसता राजेहो! आधी कार्ड ब्लॉक करा, मग शोधा. चोर काही तुमच्या संशोधनासाठी थांबून राहात नाही.

हिशेबनीस (१:०२)

@वऱ्हाडी, महिना उलटून गेलाय. चोर असता तर इतक्यात आणखी चार नोंदी दिसल्या असत्या. दहा मिनिटं शोधायला हरकत नाही.

रातकिडा (१:२६)

मी वऱ्हाडींच्या बाजूने. माझ्यावर गेल्या वर्षी आली होती म्हणून सांगतो.

रात्री २:५० ला तीन एसएमएस. पहिला एक डॉलरचा, बहुधा कार्ड चालू आहे का ते चाचपायला. मग एका परदेशी साइटवर आठ-आठ हजारांचे दोन. ओटीपी आला नाही, कारण ओटीपीची सक्ती आपल्याकडच्या व्यवहारांना, बाहेरच्या सगळ्या साइटी तो मागत नाहीत. मी घोरत होतो. सहाला उठून मोबाइल बघितला, चहासुद्धा न घेता फोन लावला, कार्ड ब्लॉक. पण तेवढ्यावर थांबलो नाही. फोनवरच्या बाईंकडून तक्रार क्रमांक घेतला, लगेच बँकेला मेल टाकली आणि तिन्ही एसएमएसचे फोटो जोडले. दुपारी शाखेत गेलो तर साहेब म्हणाले, "आधी पोलिसांचा कागद आणा." १९३० या सायबर हेल्पलाइनवर आणि सायबर गुन्ह्यांच्या पोर्टलवर तक्रार करून त्याची प्रत दिली. पण बँकेकडे नोंदवलेली वेळ सकाळी ६:१० ची, हे मी त्यांना दोनदा ऐकवलं.

आठव्या दिवशी रक्कम तात्पुरती जमा झाली. दोन महिन्यांनी पक्की. मधल्या काळात कुणीतरी फोन करून "सर, तुम्ही चुकून क्लिक केलं असेल का?" असं तीनदा विचारलं. तिन्ही वेळा मी एकच उत्तर दिलं. माझी आई कोर्टात कारकून होती, तिने सांगितलं होतं, जबाब बदलायचा नाही.

आता परदेशी व्यवहारांचं बटण ॲपमध्ये बंद असतं. प्रवासाला निघताना चालू करतो.

निवृत्त_रोखपाल (१:५५)

रातकिडा यांनी केलं ते अगदी पुस्तकात असावं तसं. त्यांना पैसे मिळाले ते बँकेची मेहेरबानी म्हणून नाही. रिझर्व्ह बँकेचं ६ जुलै २०१७ चं परिपत्रक आहे. दोष ना तुमचा ना बँकेचा, मधल्याच कुणाचा असेल आणि बँकेकडून सूचना मिळाल्यापासून तीन कामाच्या दिवसांत कळवलंत, तर तुमची जबाबदारी शून्य. चार ते सात दिवसांत कळवलं तर ठरावीक मर्यादेपर्यंत झळ सोसावी लागते. साध्या बचत खात्याला आणि पाच लाखांपर्यंतच्या मर्यादेच्या क्रेडिट कार्डाला ती ₹१०,०००. सात दिवसांच्या पुढे गेलात की बँकेचं स्वतःचं धोरण लागू. कळवल्यापासून दहा कामाच्या दिवसांत बँकेने रक्कम तात्पुरती जमा करायची आणि नव्वद दिवसांत निकाल लावायचा. चूक ग्राहकाची आहे हे सिद्ध करण्याचा भार बँकेवर. नागरी सहकारी बँकांनाही त्याच वर्षी डिसेंबरमध्ये असंच परिपत्रक गेलं. माझी बँक सहकारीच होती, आम्हाला ते पाठ करावं लागलं.

ध्यानात घ्या, हे दिवस एसएमएसपासून मोजतात, स्टेटमेंट उघडल्या दिवसापासून नाही. म्हणून अबोलीताईंना विचारलं.

साडेतीन (२:१०)

काका, कागदावर सगळं छान. माझ्या मामाचे ₹४०,००० गेले, बँकेने हात वर केले. म्हणे ओटीपी तुम्हीच दिला.

निवृत्त_रोखपाल (२:१८)

दिला होता का?

साडेतीन (२:२३)

दिला होता. पण समोरच्याने बँकेतून बोलतोय म्हणून सांगितलं, खात्याचे शेवटचे चार आकडे बरोबर सांगितले, केवायसी बंद पडेल म्हणाला. सत्तरीच्या माणसाने काय समजायचं? त्याची माहिती बाहेर गेली कुठून, हे कुणी विचारत नाही. मामालाच चोर ठरवतात.

निवृत्त_रोखपाल (२:३५)

नियम असा आहे की ग्राहकाच्या निष्काळजीपणाने गेलं तर कळवेपर्यंतचं नुकसान ग्राहकाचं, कळवल्यानंतरचं बँकेचं. तुमचा राग मला कळतो. काउंटरच्या या बाजूला आल्यापासून जास्तच कळतो. मामांना बँकेचं लेखी उत्तर आलंय का? तीस दिवसांत आलं नसेल, किंवा आलेलं पटलं नसेल, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार करता येते. फुकट आहे, वकील लागत नाही. माहितीसाठी १४४४८. मिळतीलच असं मी म्हणत नाही.

साडेतीन (२:४१)

लेखी नाहीये. तोंडीच सांगितलं. करायला लावतो.

न्यूजर्सीकर (संध्याकाळी ६:१२)

इथे अमेरिकेत क्रेडिट कार्डाला १९७४ चा कायदा आहे. स्टेटमेंट पाठवल्यापासून ६० दिवसांत लेखी हरकत घ्यायची, अनधिकृत व्यवहारात तुमची जबाबदारी जास्तीत जास्त ५० डॉलर. आमच्या कार्डकंपन्या तेही घेत नाहीत. डेबिट कार्डाला मात्र हे लागू नाही, तिथे दोन दिवसांत कळवलं नाही तर ५०० डॉलरपर्यंत गळ्यात येऊ शकतं. म्हणून मी डेबिट कार्ड फक्त एटीएमला वापरतो.

नाव न कळण्याचं दुखणं इथेही तेच. इथल्या महाराष्ट्र मंडळाच्या गणपतीची वर्गणी कार्डाने भरली, तर स्टेटमेंटवर कुठल्यातरी तिकीट विकणाऱ्या सॉफ्टवेअर कंपनीचं नाव. अर्ध्या मंडळाने आपापल्या बँकांना फोन केले. खजिनदाराचा चेहरा पुढचे तीन महिने बघवत नव्हता.

वऱ्हाडी_ठेचा (६:३०)

मंग गणपतीचेच पैसे वापस मागितले म्हणा की!

अबोली (रात्री ९:०५)

अपडेट. एसएमएस सापडला. ९ मे, संध्याकाळी ६:४२. जाहिरातींच्या ढिगाऱ्यात गाडला गेला होता, उघडलाच नव्हता. म्हणजे रोखपालकाकांच्या हिशेबाने माझे सातही दिवस कधीच संपले.

बँकेला फोन केला. चाळीस मिनिटं संगीत ऐकलं. व्यवहार टॅपने झालाय, असं म्हणाली तिकडची मुलगी. मी हादरलेच, कारण त्या दिवशी साडेसातपर्यंत मी ऐरोलीच्या ऑफिसात होते. तिने कार्ड ब्लॉक केलं आणि डिस्प्यूट नोंदवून घेतला. रक्कम तूर्त धरणार नाहीत म्हणे.

म्हणजे कुणीतरी माझं कार्ड बनवलंय का?

पेमेंटवाला (९:२०)

टॅपची नक्कल सहसा होत नाही. चिप दर टॅपला नवीन सांकेतिक आकडा तयार करते, जुना आकडा पुन्हा चालत नाही. मागची काळी पट्टी कॉपी करणं सोपं होतं, चिप नाही. तेव्हा माझा अंदाज असा की कार्ड तिथे होतं. तुम्ही नव्हतात.

त्या दिवशी तुमची पर्स घरी होती की तुमच्यासोबत?

चहाबाज (९:२२)

धागा आता पोलीस चौकीत गेलाय. मी चहा टाकतो.

पेठेतला_किराणावाला (९:४८)

एक मिनिट, दुकानदाराची बाजू कुणी मांडतच नाही.

माझं सांगलीत छोटं दुकान आहे. तुम्ही 'मी घेतलं नाही' म्हणून बँकेत बोट दाखवलं, की ते पैसे बँकेच्या खिशातून येत नाहीत. दुकानदाराकडून ओढले जातात. आम्हाला नोटीस येते, ठरावीक दिवसांत बिल, चार्जस्लिप, काय असेल ते पाठवा. मशीनमधून निघालेली चिठ्ठी उन्हाने महिनाभरात कोरी होते. कुठून पाठवणार? मागच्या दिवाळीला एका गिऱ्हाईकाने ₹१,८५० चा सुकामेवा नेला आणि बँकेला सांगितलं की हे नाव ओळखीचं नाही. नाव ओळखीचं नसणारच, मशीन वडिलांच्या नावावर आहे, वडील जाऊन चार वर्षं झाली. माझे पैसे गेले. वर मशीनवाल्यांनी दंड लावला. गिऱ्हाईक आजही येतं. त्याला माहीतही नाही.

म्हणून ताई, घरात एकदा सगळ्यांना विचारा.

हिशेबनीस (१०:०५)

किराणावाले, वाचून वाईट वाटलं. त्या गिऱ्हाइकाला सांगितलं का नाहीत?

पेठेतला_किराणावाला (१०:११)

त्याची बायको गेली त्याच महिन्यात. कुठल्या तोंडाने सांगू. आता चिठ्ठीचा फोटो काढून ठेवतो आणि मशीनवरचं नाव बदलून घेतलंय.

पावसाळी_छत्री (१३ जून, सकाळी ८:३०)

यूपीआयचं कुणी बोललं नाही अजून. माझ्या स्टेटमेंटची दहा पानं फक्त यूपीआयची असतात. भाजीवाला, रिक्षा, वडापाव. भाजीवालीच्या क्यूआरवर तिच्या जावयाचं नाव, वडापाववाल्याच्या क्यूआरवर कुणी बाई. पैसे पाठवताना नाव दिसतं, पण कोण वाचतंय? मी आता पाठवताना शेऱ्याच्या रकान्यात 'मेथी' किंवा 'रिक्षा' असं लिहिते, बऱ्याच ॲपांत ते इतिहासात दिसतं. बँकेच्या कागदावर बारा आकडी संदर्भ क्रमांक असतो, तो ॲपमध्ये शोधला की मेथी सापडते.

आणि ऑटोपे! लेकाने ₹१ ची चाचणी म्हणून कसलंसं ॲप घेतलं, आठवड्याने ₹४९९. ॲप काढून टाकलं तरी दर महिन्याला कापतच राहिलं, कारण मंजुरी ॲपमध्ये नसते, यूपीआयमध्ये असते. तिथल्या ऑटोपेच्या यादीत जाऊन रद्द करावी लागली. आत जाऊन बघितलं तर सात मंजुऱ्या जिवंत. एक तर अशा व्यायामाच्या ॲपची, जे मी एकदाही उघडलं नव्हतं.

चहाबाज (८:४१)

व्यायामाचं ॲप न उघडणं हा तुमचा मूलभूत हक्क आहे.

गोंयकार (८:५५)

कापण्याआधी चोवीस तास सूचना यायला हवी ना?

पावसाळी_छत्री (९:०२)

येते. जाहिरातींच्या ढिगाऱ्यात. अबोलीचा एसएमएस होता तिथेच.

कांदेपोहे (९:३०)

पासबुकाचं कुणाला आठवतं का? आमच्या शाखेतलं छपाई यंत्र एका ओळीवर दुसरी ओळ छापायचं. वडील भिंग घेऊन बसायचे. एकदा 'लॉकर भाडे' आणि 'पेन्शन' एकमेकांवर छापलं गेलं, तर वडील म्हणाले, सरकारने बहुतेक मला लॉकरमध्ये ठेवलंय.

निवृत्त_रोखपाल (९:४४)

हाहा. ते यंत्र आमच्याच बँकेचं असणार. त्यात कागद तिरका जायचा आणि लोक शिपायाला शिव्या घालायचे.

बरं, एक फरक कुणी सांगितला नाही. व्यवहार मी केलाच नाही, ही एक तक्रार. व्यवहार मीच केला पण माल आला नाही, दोनदा पैसे गेले, परतीचे पैसे मिळाले नाहीत, ही वेगळी तक्रार. पहिलीला ते तीन दिवस. दुसरीत आधी दुकानदाराशी लेखी बोलायचं, त्याची मेल जपून ठेवायची आणि मग बँकेकडे चार्जबॅक, म्हणजे दुकानदाराकडून पैसे परत, मागायचा. त्याची मुदत कार्डाच्या जाळ्याच्या (व्हिसा, रुपे वगैरे) नियमांवर असते आणि ती आठवड्यांची-महिन्यांची असते, दिवसांची नाही. लोक घाईत 'मी केलाच नाही' या खान्यात खूण करतात, कारण तो वर असतो. मग चौकशीत ओटीपी दिल्याचं निघतं आणि खरी तक्रारही खोटी पडते.

अबोली (१५ जून, रात्री ८:१७)

मंडळी, गुन्हेगार सापडला. नाव सांगू की नको असं झालंय.

काल रविवारी सगळे घरात होते. चहाच्या वेळी मी मोठ्याने वाचलं, नऊ मे, सहा बेचाळीस, दोन हजार तीनशे चाळीस. नवरा म्हणाला, तूच. लेक हेडफोन लावून. सासूबाई शेंगा सोलत होत्या. त्या थांबल्या आणि म्हणाल्या, "तीन डझन सातशेने एकवीसशे. आणि कोकम आगळाच्या दोन बाटल्या, एकशेवीसची एक."

ठाण्यात आंबा महोत्सव होता. मी सकाळी ऑफिसला जाताना म्हटलं होतं म्हणे, "आई, तुम्हाला जायचं तर जा, कार्ड फ्रिजवर ठेवलंय." म्हटलं असेन. त्या मैत्रिणींसोबत गेल्या, देवगडकडच्या एका माणसाचा स्टॉल होता, त्याने मशीन पुढे केलं, त्यांनी टॅप केलं. पिन लागलाच नाही म्हणून त्यांना वाटलं पैसे गेलेच नाहीत! "मी त्याला दोनदा विचारलं, झालं का रे? तो झालं म्हणाला."

एजीआर म्हणजे ॲग्रो. आंब्याच्या पेटीचं झाकण अजून माळ्यावर आहे, त्यात सासूबाई आता लसूण ठेवतात. त्यावर पूर्ण नाव आणि फोन नंबर छापलाय.

चहाबाज (८:१९)

आग्रा, अगरबत्ती आणि शेवटी आंबा. तिन्हींत 'अ' होता, आम्ही जवळच होतो.

हिशेबनीस (८:२५)

म्हणजे पुरावा खाल्ला सगळ्यांनी मिळून.

पेठेतला_किराणावाला (८:३१)

ताई, डिस्प्यूट?

अबोली (८:५०)

आज सकाळी पहिलं काम तेच केलं. फोनवर सांगितलं की घरच्याच माणसाने केलेला व्यवहार आहे, तक्रार मागे घेते. तसं मेलवर लिहून द्या म्हणाले, दिलं. तुमची सुकामेव्याची गोष्ट डोक्यात होती. मग झाकणावरच्या नंबरवर फोन लावला, म्हटलं चुकून तुमच्यावर तक्रार गेली होती, काही नोटीस आली का? त्याला काहीच कळेना. "कसली नोटीस? आंबे खराब निघाले का?" नाही म्हटलं, उत्तम होते. "मग पुढच्या वर्षी या." एवढंच.

निवृत्त_रोखपाल (९:०४)

छान केलंत. पण रागावू नका, कार्ड दुसऱ्याच्या हाती देणं हेही नियमात बसत नाही. उद्या खरोखर काही गेलं असतं तर बँकेने पहिलं हेच विचारलं असतं, कार्ड फ्रिजवर कुणी ठेवलं? सासूबाईंच्या नावाचं जोडकार्ड घ्या, त्याची मर्यादा वेगळी ठेवता येते.

वऱ्हाडी_ठेचा (९:१०)

आणि टॅपचं बटण बंद करून टाका ॲपमध्ये. पिन टाकला की आजीलेही समजते पैसे गेले म्हणून.

अबोली (९:२२)

टॅप बंद केलंय. विमा ठेवला, नॉमिनी बघितला तर माहेरचं नाव आणि बाबा. बाबा जाऊन सहा वर्षं झाली. तो बदलायला बुधवारी शाखेत जाते.

साडेतीन (१७ जून, दुपारी १:४०)

मामाचा अर्ज टाकला बँकेकडे, लेखी. तक्रार क्रमांक मिळाला. आजपासून तीस दिवस मोजतोय.

अबोली (२४ जून, सकाळी ११:०३)

नवीन कार्ड कुरिअरने आलं. ॲप उघडलं तर आधीच एक नोंद येऊन बसलीय, ₹११८. सासूबाई म्हणाल्या, या वेळी मी नाही.

भागून बघितलं. शंभर.